भोंग्याची घागर

परवा दुपारी लातूरच्या आमच्या घरामागच्या तेलगिरणीचा भोंगा अवेळी वाजला. मी कणीक मळत होते. त्यानंतर काय झालं ते मला नीटसं आठवत नाही, सून सांगते तेच खरं धरायचं. तिचं म्हणणं असं, की मी पिठाच्या हातांनी माठाजवळची भरलेली कळशी उचलली आणि या वयात कुणी पळू नये तशी पळत अंगणात गेले. अंगणात हे ऊन खात बसले होते, मांडीवर पेपर. त्यांनी आधी कळशीकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि चष्मा काढून बाजूला ठेवत म्हणाले, "ठिव खाली. आज सिनेमा न्हाई."

मग आम्ही दोघंही हसत सुटलो. सून दारात उभी राहून आमच्याकडे बघत राहिली. तिला वाटलं असणार, एकाचं डोकं फिरलं तर दुसऱ्यानं सांभाळायचं, इथं तर दोघंही एकदमच गेली. भोंग्याचं पुढे कळलं. गिरणीत नवा भोंगा बसवला होता आणि तो वाजतो का, ते बघत होते.

दिवाळी नुकतीच सरली होती. हवेत कोरडी थंडी आली होती आणि अहमदपूरकडून येणारे कापसाचे ट्रक आमच्या कोपऱ्यावर वळताना बाभळीच्या काट्यांना थोडा थोडा कापूस देऊन जात होते. दरसाल हा हंगाम आला की माझं मन नांदेडला जातं. माणसांना एखादा हंगाम लक्षात राहतो तो त्यात काहीतरी घडलं म्हणून. कुणाचं लग्न झालं, कुणी गेलं, नदीला पूर आला. माझ्या मनात मात्र एक हंगाम बसला आहे तो त्यात काहीही घडलं नाही म्हणून. त्या न घडण्याचं सुख इतक्या वर्षांत जराही शिळं झालेलं नाही.

माझं माहेर चाकूरचं, घर शेतकऱ्याचं. कापूस मी जन्मापासून पाहिलेला. पण चाकूरला कापूस म्हणजे बोंड. पहाटेच्या दवानं गार झालेलं, हाताला टोचणारं, ओटीत भरायचं. वेचून आणला की घरात ढीग लागायचा आणि आम्ही पोरी त्यात लोळायचो. कापसाला भ्यायचं असतं हे तिथं कुणाला ठाऊक नव्हतं. लग्न होऊन मी नांदेडला आले आणि तोच कापूस मला ओळखू येईना. इथं तो हवेतच होता. गाड्यांच्या रांगा जिनिंगच्या फाटकापासून पार रेल्वेच्या रुळापर्यंत लागलेल्या असत, बैल रवंथ करत बसलेले, गाडीवान गाडीखाली झोपलेले, आणि त्या सगळ्यांवर बारीक पांढरं तूस सावकाश उतरत असायचं. ते दह्यावर बसायचं, तुळशीवर बसायचं, तव्यावरच्या भाकरीला चिकटायचं. लेकराच्या पापण्यांवरून आया ते पदरानं टिपायच्या. पहिल्या आठवड्यात मी प्रत्येक घासातून धागा काढत बसे. पुढं तसाच गिळायला शिकले.

ते निजामाच्या राज्याचे शेवटचे दिवस होते, पण शेवटचे आहेत हे आम्हाला थोडंच माहीत होतं. जगात कुठंतरी लढाई चालू होती आणि आमच्या गिरणीतलं कापड त्या लढाईवर जात होतं, एवढं कानावर यायचं. बाकी आमचं जग गिरणीच्या मागच्या लाईनीएवढं. कामगारांच्या खोल्यांची ती लांब रांग, तिला सगळे लाईनच म्हणायचे. समोर गिरणीची भिंत. भिंतीच्या वर धुराडं. सकाळी त्याची सावली लाईनीवर पडायची आणि ऊन वर चढेल तशी एकेक दार सोडत पुढं सरकायची. आमच्या दारातून ती हलली की आत्याबाई पापड वाळत घालायला काढायच्या. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई. आमच्या भागात सासूला आत्याबाईच म्हणत.

वास तर किती होते तिथं. सरकीचा तेलकट गोडसर वास, यंत्राच्या तेलाचा वास, कापडाला लावायच्या खळीचा आंबूस वास. वारा फिरला की वास बदलायचा, आणि वाळत घातलेली धुणी बायका कधी दाराच्या या बाजूला तर कधी त्या बाजूला हलवायच्या. एका वाऱ्याला धुराड्याची काजळी यायची, दुसऱ्याला तूस. काळं हवं की पांढरं, एवढीच काय ती निवड. पण एक सुख असं होतं की ते राजवाड्यातही नसेल. बॉयलरचं वापरून झालेलं पाणी भिंतीखालच्या नालीतून वाफा टाकत बाहेर यायचं. थंडीच्या सकाळी साऱ्या लाईनीच्या बायका त्या नालीवर धुणी घेऊन बसायच्या. पाय गरम पाण्यात, वर थंडी, तोंडाची टकळी चालू. चाकूरच्या विहिरीवर गार पाण्यानं बोटं वाकडी करून घेतलेली मी, मला ते पाणी सोडवत नसे. कारखान्याच्या भिंतीआड राहणाऱ्या माणसांची कीव करणारं बोलणं मी पुढं खूप ऐकलं आणि त्यात खोटं काही नव्हतं. पण कीव करणाऱ्यांपैकी कुणी त्या नालीत पाय घातले नव्हते.

आणि मग भोंगा. लाईनीतलं सगळं भोंग्यावर चालायचं. एक भोंगा चूल पेटवायचा, एक भाकरी बांधायचा, एक पाळी सुटल्याचा. घड्याळ कुणाच्याच घरी नव्हतं, लागतही नव्हतं. लेकरंसुद्धा भोंग्यावर जेवायची. नव्या नवरीला सगळ्यात आधी भोंगे शिकवले जायचे, सण-कुळाचार मागाहून.

मला मात्र एक गोष्ट शिकवायची राहून गेली होती. आमच्या दाराच्या आत, उंबऱ्याला लागून, एक पितळेची घागर असायची. काठोकाठ भरलेली, वर झाकण नाही. रोज सकाळी आत्याबाई तिच्यातलं शिळं पाणी बाहेर ओतायच्या आणि स्वतः ताजं भरून ठेवायच्या. एकदा वरणाला पाणी कमी पडलं म्हणून मी त्या घागरीत तांब्या घातला. आत्याबाईंनी माझा हात मनगटाशी धरला.

"ह्या घागरीला हात लावायचा न्हाई, पोरी. वरण करपलं तर करपू दे."

त्या ओरडल्या नाहीत. त्या कधीच ओरडत नसत. हसतही नसत. त्यांचं तोंड नेहमी बंद दारासारखं असायचं. मला राग आला. एवढ्याशा पाण्यावरून सासुरवास, असंच मला वाटलं, आणि नालीवर धुणं आपटताना मी ते बोलूनही दाखवलं. शेजारी लच्छमा होती. ती तेलंगणातली, नवरा मागावर विणायचा, आणि तिचं मराठी तिच्या स्वतःच्या वळणाचं होतं.

"तुला कोणी सांगितला नाही, अम्मा?" ती म्हणाली. "तो भोंग्याचा घागर हाय. सगळ्यांच्या घरात हाय. बघ तू."

मी संध्याकाळी बघितलं. खरंच, प्रत्येक दाराच्या आत एकेक भांडं भरून ठेवलेलं. कुणाची घागर, कुणाचा हंडा, कुणाचा मातीचा डेरा. दुसऱ्या सकाळी नालीवर लच्छमानं सगळं सांगितलं. अवेळी भोंगा वाजला तर एकच अर्थ होता, रुईला आग. रुईत एखादा खडा नाहीतर खिळा येतो, यंत्राच्या दातांत सापडतो, ठिणगी पडते. अवेळी भोंगा वाजला की ज्या बाईच्या हातात जे असेल ते टाकायचं, भरलेलं भांडं उचलायचं आणि फाटकावर पळायचं. कुणी कुणाला हाक मारायची नाही, काय झालं म्हणून विचारायचं नाही. आणि आपला माणूस बाहेर आला की त्याला शिवायच्या आधी, त्याच्याशी बोलायच्या आधी, त्याच्या डोक्यावर ते पाणी ओतायचं.

"आग विझवायला ना?" मी विचारलं.

"नाही, अम्मा. माणूस विझवायला."

माझे सासरे एका जिनिंग-प्रेसमध्ये होते. मी त्यांना पाहिलेलं नाही. तिथं आग लागली तेव्हा हे लहान होते. आग लवकर विझली. माणसं खोकत, हसत बाहेर आली. सासरेही आले, आत्याबाईंनी त्यांना फाटकातून येताना पाहिलं आणि जीव भांड्यात पडून त्या तिथंच खाली बसल्या. पण रुईची ठिणगी लबाड असते. ती तुसात दडून बसते, दिसत नाही, चटका लागत नाही, धूरसुद्धा देत नाही. सासऱ्यांच्या अंगावर, धोतराच्या निऱ्यांत, सदऱ्याच्या आत तूस भरलेलं होतं. फाटकाबाहेर उघड्यावर आले, वारा लागला, आणि अंगावरचं सगळं एकदम पेटलं. आत्याबाई चार हातांवर होत्या. पाणी कुणाच्याच हातात नव्हतं.

"तिच्या डोळ्यासमोर," लच्छमा म्हणाली, आणि धुणं पिळत राहिली.

भरलेल्या घागरीची रीत लाईनीत आत्याबाईंनी आणली. त्यांनी ती कुणाला समजावून सांगितली नव्हती. त्यांची एक घागर दाराशी दिसायला लागली, मग दुसऱ्या घरात, मग तिसऱ्या. मी त्या दिवशी घरी गेले आणि पुन्हा कधी घागरीकडे रागानं पाहिलं नाही. पण सुखानंही पाहता आलं नाही. आमचे हे गिरणीत ज्या खात्यात होते ते गाठी फोडून रुई मोकळी करायचं खातं. जिथं पहिली ठिणगी पडते, तेच.

संध्याकाळी हे घरी यायचे ते म्हातारे होऊन. भुवया पांढऱ्या, मिशा पांढऱ्या, डोक्यावर तुसाची टोपी. मला हसू यायचं. आत्याबाई त्यांना उंबऱ्याबाहेर उभं करायच्या आणि कुंच्यानं डोक्यापासून पायापर्यंत झाडायच्या. कानामागे, बगलेत, धोतराच्या निऱ्या एकेक उघडून. हे काम त्या मला करू देत नसत. नवी नवरी, मलाही वाटायचं, नवऱ्याला झाडायचा मान आपला. ते मात्र तिथं लहान पोरासारखे हात वर करून उभे असायचे.

"झालं का, माय? भूक लागली."

"हल्लू नगं."

त्या हंगामात पाऊस लवकर उघडला होता आणि थंडी कोरडी पडली होती. कोरडी हवा रुईला वाईट. नालीवर बायका इकडचं तिकडचं बोलायच्या पण कान भिंतीकडे असायचे. रात्रपाळी असली की मी जागीच राही. आत्याबाईही जाग्या असत, ते त्यांच्या श्वासावरून कळायचं. आम्ही एकमेकींशी बोलायचो नाही. दोघी एकाच माणसाची वाट बघत पडलेल्या असायचो आणि तरी मध्ये ती घागर होती.

अशात हैदराबादहून सिनेमावाले आले. गिरणीवर, कामगारांवर एक छोटा सिनेमा काढायचा होता. गोष्टीचा नव्हे, खऱ्याखुऱ्या कामाचा, गावोगाव दाखवायचा. राज्यात कसे कारखाने आहेत, कामगार कसे मजेत आहेत, कापड लढाईवर कसं जातं. एक उंच साहेब होता, डोक्यावर काळी टोपी, बोलणं फार गोड उर्दू. त्याच्याबरोबर तिवईवर ठेवलेलं यंत्र आणि ते उचलणारी माणसं. हे घरी येऊन सांगायचे आणि आम्ही भाकरी थापता थापता ऐकायचो. साहेबाला रुई पडताना फार आवडते. साहेबानं एकाला तीन वेळा घाम पुसायला लावला. साहेब म्हणतो, धुराडं नीट दिसत नाही, धूर काळा पाहिजे.

"धूर काळा पाह्यजे म्हणं," हे सांगत होते. "आजवर त्या धुरानं बाया वैतागल्या, ह्याला अजून पाह्यजे."

"येडा हाय का?" आत्याबाई म्हणाल्या.

"न्हाई, माय. सिनेमावाला हाय."

साहेबाला सगळ्यात शेवटी हवी होती ती सुट्टी. भोंगा होतो, फाटक उघडतं, कामगार हसत बाहेर येतात. पण खऱ्या सुट्टीच्या वेळी ऊन उतरलेलं असायचं आणि यंत्राला ऊन लागतं. तेव्हा ठरलं, की भर दुपारी भोंगा द्यायचा, फाटक उघडायचं, माणसं बाहेर काढायची, चित्र घ्यायचं आणि पुन्हा कामावर पाठवायची. मुकादमानं खात्याखात्यातून फिरून सगळ्यांना बजावलं, दुपारी भोंगा झाला तर घाबरायचं नाही, तो सिनेमाचा आहे. साहेबाला माहीत होतं, बॉयलरवाल्याला माहीत होतं, आतल्या प्रत्येक पुरुषाला माहीत होतं. भिंतीबाहेरच्या बायकांना सांगायचं मात्र कुणालाही सुचलं नाही. आमचे हे त्या दिवशी सकाळच्या पाळीला लवकर गेले होते आणि त्यांना गिरणीत गेल्यावरच कळलं. पण आदल्या दिवशीच कळलं असतं तरी सांगायला विसरले असते, असं ते स्वतःच म्हणतात.

मी सरकी निवडत बसले होते. आत्याबाई जात्यावर होत्या. भोंगा वाजला.

जात्याचा आवाज मधेच थांबला, एवढं आठवतं. मी उठले तोवर घागर त्यांच्या कमरेवर होती आणि त्या दाराबाहेर होत्या. मी हंडा उचलला. साऱ्या लाईनीची दारं एकदम उघडी, आणि बायका पळतायत. पायांचा आवाज, पाणी हिंदकळल्याचा आवाज, आणि तोंडाचा एकही आवाज नाही. लच्छमाच्या एका कडेवर लेकरू होतं आणि दुसऱ्या कडेवर घागर. मी वर पाहिलं. धुराड्यातून काळाकुट्ट धूर निघत होता. तसा धूर मी कधी पाहिला नव्हता. साहेबासाठी कोळसा जास्त घातला होता हे मला कोण सांगणार. मला वाटलं, सगळं गेलं. माझ्या मनात दुसरं काहीच आलं नाही. देवही आठवला नाही. त्यांची सकाळची पाठ आठवली, दारातून वाकून बाहेर पडतानाची.

आत्याबाई सगळ्यांच्या पुढं होत्या. इतक्या वयाची बाई भरल्या घागरीनिशी अशी पळू शकते यावर मी न बघता विश्वास ठेवला नसता. आम्ही कोपरा वळलो आणि फाटक समोर आलं. फाटक सताड उघडं. माणसं बाहेर येत होती. हसत. आत्याबाईंचा पाय तिथं अडखळला. मला नंतर वाटत राहिलं, की त्यांना त्या हसण्याचीच सगळ्यात जास्त भीती वाटली असणार. पहिल्या वेळीही माणसं हसतच बाहेर आली होती.

मग हे दिसले. डोक्यापासून पायापर्यंत पांढरे, दात काढून हसणारे, मुकादमानं शिकवलं होतं तसे समोर बघत चालणारे. आम्हाला पाहिलं आणि थांबले.

"माय, अगं माय, काही न्हाई, सिनेमा..."

आत्याबाईंनी घागर उचलली आणि यांच्या डोक्यावर ओतली. सगळी. ते पाण्याखाली तोंड उघडं टाकून उभे. पाणी डोक्यावरून, मिशांवरून, सदऱ्यातून, धोतरातून वाहत पायाशी आलं आणि त्याबरोबर सगळं तूस खाली गळून गेलं. घागर रिकामी झाल्यावर आत्याबाईंनी मागे हात केला, माझ्याकडे न बघता. मी माझा हंडा त्यांच्या हातात दिला. तोही त्यांनी ओतला. मगच त्यांनी यांच्या छातीला हात लावला. पाठीला लावला. निऱ्या चाचपल्या. काना‌मागे बोटं घातली.

चारी बाजूंना तेच चाललं होतं. लच्छमानं आपल्या नवऱ्याला भिजवलं होतं आणि लेकरू रडत होतं. कुणी भलत्याच्याच नवऱ्यावर पाणी ओतलं होतं. पुरुष हुडहुडत होते, ओरडत होते, "अगं सिनेमा हाय, सिनेमा!" आणि पुढं तिवईवरचं यंत्र घरघरत होतं. तेव्हा कुठं आमच्या लक्षात आलं की आग नाही. कुठंच नाही. रुई आपल्या जागी आहे, माणसं आपल्या जागी आहेत.

"माय, थंडी वाजून राहिली," हे म्हणाले. दात वाजत होते.

आत्याबाई त्यांच्याकडे बघत राहिल्या. ओला, पांढरं सगळं धुऊन गेल्यावर एकदम तरुण दिसणारा त्यांचा मुलगा. आणि त्या हसल्या. आधी नुसता खांदा हलला, मग आवाज आला, मग थांबेचना. पदर तोंडाला लावला तरी थांबेना. मी त्या घरात आल्यापासून पहिल्यांदा त्यांचे दात पाहिले. मलाही हसू फुटलं आणि रडूही, आणि मी सगळ्यांच्या देखत, लाज न धरता, माझ्या नवऱ्याचा ओला हात धरला.

साहेब आनंदानं वेडा झाला होता. तो धावत आत्याबाईंजवळ आला, वाकून सलाम केला. त्याला वाटलं होतं, ही आमची रीतच आहे, काम सुटलं की बायका घागरी घेऊन येतात आणि पुरुषांना न्हाऊ घालतात. "बहुत ख़ूब, अम्मां," तो म्हणाला. "एक दफा और. बस एक दफा और, इधर से चलकर."

आत्याबाईंचं हसू थांबलं. त्यांनी घागर कमरेवर घेतली.

"न्हाई बाबा," त्या म्हणाल्या. "असलं दुसऱ्यांदा नसतं."

हे साहेबाला कुणी उर्दूत करून सांगितलं की नाही, कोण जाणे. त्या घराकडे चालू लागल्या आणि सगळ्या बायका त्यांच्यामागे. रिकाम्या भांड्यांना चालताना आवाज येत होता आणि आता बायकांची तोंडंही सुटली होती. साहेबाला, मुकादमाला, आपापल्या नवऱ्यांना त्या दिवशी जे जे ऐकावं लागलं ते लिहिण्यासारखं नाही.

संध्याकाळी हे पुन्हा पांढरे होऊन घरी आले, कारण काम काही सुटलं नव्हतं. उंबऱ्याबाहेर हात वर करून उभे राहिले. आत्याबाई आत चुलीपाशी होत्या. त्या उठल्या नाहीत. "पोरी," त्यांनी मला हाक मारली, "कुंचा तिथं खुंटीला हाय. निऱ्या उघडून झाड." मग जेवताना, कुणी विचारलं नसताना, त्या सासऱ्यांबद्दल बोलल्या. त्यांना मुळा आवडत नसे. ते झोपेत गाणं म्हणायचे. एवढंच. पण त्या घरात त्यांचं नाव निघालेलं मी पहिल्यांदाच ऐकलं.

तो हंगाम तसाच सरला. त्यानंतर एकदाही अवेळी भोंगा वाजला नाही. पुढं राज्य गेलं. त्याआधी वाईट दिवसही आले, पण ते वेगळं. यांनी गिरणी सोडली, मी शिकले, मास्तरीण झाले, मुलं झाली, लातूरला आलो. आता मुलगा म्हणतो, गिरण्यांबद्दल लिही, ते जग गेलं. गेलं हे बरंच झालं, असं मी त्याला सांगते. ती काजळी, ते खोकणं, ती भीती, कुणाच्या वाट्याला पुन्हा येऊ नये. माझा माणूस त्यातून बाहेर आला, म्हातारा झाला, उन्हात बसून पेपर वाचतो आणि मला टोमणे मारतो. याहून मोठं मागणं माझं कधी नव्हतं. त्या जगातलं हरवू नये असं एकच मला वाटतं, आणि ते त्या साहेबाच्या रिळात होतं. ते रीळ कुठं गेलं, कुणाला ठाऊक.

पण आम्ही ते पाहिलं होतं. हंगामाच्या शेवटी, उन्हाळा लागता लागता, सिनेमावाले परत आले. दिवेलागणीला गिरणीसमोरच्या मैदानात दोन बांबू रोवले आणि मध्ये गिरणीच्याच मांजरपाटाचं लांबरुंद पान ताणून बांधलं. सारी लाईन सतरंज्या टाकून बसली. आत्याबाई यायला तयार नव्हत्या, यांनी ओढून आणलं. त्या आमच्या दोघांच्या मध्ये बसल्या. कापडावर आमची गिरणी उमटली. तिच्याच कापडावर तीच गिरणी. रुई बर्फासारखी पडताना दिसली, आणि खरंच सांगते, ती सुंदर होती. जी रुई मी घासातून काढायची, ती इतकी सुंदर असते हे मला त्या दिवशी कळलं. घाम पुसणारा माणूस आला, लोक हसले. धुराडं आलं, काळा धूर आला.

आणि पडद्यावर भोंगा वाजला.

मैदानातल्या साऱ्या बायका उठून उभ्या राहिल्या. एकदम. मीही. हात कमरेकडे गेले आणि घागर नाही हे कळल्यावर तसेच राहिले. मागच्या पुरुषांनी आरडाओरडा केला, बसा खाली, दिसत नाही. आत्याबाई तेवढ्या उठल्या नव्हत्या. त्यांनी शेजारी बसलेल्या मुलाचं मनगट पकडलं होतं, माझं वरणाच्या वेळी पकडलं होतं तसं, आणि नजर पडद्यावर होती.

फाटक उघडलं. माणसं हसत बाहेर आली. मागून एक भारदस्त आवाज उर्दूत सांगत होता, की दिवसाचं काम संपलं, मेहनतकश मजूर घरी निघाले, आणि घरच्या बायका खुशीनं त्यांच्या अंगावर पाणी घालतायत. मैदानात हशा उसळला. मग पडद्यावर आत्याबाई आल्या, केवढ्या तरी मोठ्या. घागर उचलली. ओतली. पाण्याखालून यांचा चेहरा निघाला. आणि त्या हसल्या, त्या कापडभर.

रीळ संपलं. कापड पुन्हा नुसतं पांढरं झालं. लोक सतरंज्या झटकायला लागले. आत्याबाई हलल्या नाहीत. मुलाचं मनगट त्यांनी अजून सोडलं नव्हतं.

"चल माय, झालं," हे म्हणाले.

साहेब यंत्रापाशी उभा होता. आत्याबाईंनी त्याच्याकडे मान वळवली. त्यांना उर्दू येत नव्हतं, पण त्या दुपारी ऐकलेलं एवढं त्यांनी नीट लक्षात ठेवलं होतं.

"एक दफा और, बाबा," त्या म्हणाल्या. "परत बी बाहेर येतो का, बघू दे."

साहेबानं रीळ पुन्हा लावलं. भोंगा झाला, फाटक उघडलं, आणि तो आला.